हिरवी पूड

आमच्या घराण्यात गयेला जाऊन काहीतरी सोडून यायची पद्धत आहे. घरातलं माणूस गेलं, पिंडदान झालं, की तिथले गुरुजी विचारतात, आवडीचं काय सोडणार? आणि आमच्याकडची माणसं अतिशय गंभीर चेहऱ्याने उत्तर देतात. आमच्या आबाकाकांनी शेपू सोडला. तो त्यांनी जन्मात कधी धरला नव्हता. थोरल्या काकूंनी रामफळ सोडलं, त्या वर्षी साताऱ्याच्या मंडईत ते आलंच नव्हतं. एका चुलतभावाने मधुमेह झाल्यावर जिलबी सोडली आणि डॉक्टर व पितर दोघांनाही एकदमच खूश केलं.

या उज्ज्वल परंपरेला बट्टा लावला तो जावयाने. माझ्या मोठ्या बहिणीचे, म्हणजे अक्काचे, यजमान सतीशराव. आम्ही त्यांना दाजी म्हणतो. अक्का मागच्या फेब्रुवारीत एडिनबऱ्यात गेली. तिच्या अस्थी घेऊन दाजी प्रयागला गेले, तिथून गयेला. मी सोबत होतो. गुरुजींनी प्रश्न विचारला आणि दाजी म्हणाले, "चहा."

मी कोपराने ढोसलं. "दाजी, कारलं म्हणा, कारलं."

त्यांनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. हातावर पाणी सोडून मोकळे झाले.

दाजी आणि चहा हे प्रकरण सांगायला हवं. सकाळचा चहा अक्का करायची, दुपारी चारचा दाजी. आलं स्वतः ठेचायचे, आधण स्वतः ठेवायचे, कप स्वतः पुसायचे, आणि मग दोघं समोरासमोर बसायची. बाकी दिवसभर दाजी म्हणजे सरकारी कचेरीची खिडकी. चारच्या चहाला तेवढी उघडायची. सगळ्या जगाची बातमी, शेजाऱ्यांची निंदा, जुन्या साहेबांच्या नकला, जे काय बोलायचं ते त्या एका कपात. निवृत्तीनंतर ती दोघं मुलाकडे, सुश्रुतकडे, एडिनबऱ्याला राहायला आली तेव्हा देश बदलला, हवा बदलली, पण चारचं टेबल बदललं नाही. फक्त नात स्वराली शाळेतून आली की तिसऱ्या खुर्चीत येऊन बसायची आणि अर्धं समजून पूर्ण हसायची.

चहा सुटला आणि खिडकी बंद झाली ती झालीच. दाजी चार वाजता आपल्या वरच्या खोलीत, दार लावून. जेवायला खाली यायचे, पानाकडे बघून जेवायचे, "झालं" म्हणून उठायचे.

घराने मात्र हे व्रत त्यांच्याहून कडक पाळलं. त्यांच्यासमोर चहा कसा प्यायचा, म्हणून सगळ्यांनीच तो लपवला. सून देविका हॉस्पिटलमध्ये औषधं सांभाळते. तिने टी-बॅग्ज कपडे धुवायच्या पावडरीमागे ठेवल्या. सुश्रुत संध्याकाळी घरासमोर गाडी लावून आतच बसून राहायचा आणि फ्लास्कच्या कपातून चहा प्यायचा, कॉलेजातली पोरं सिगारेट ओढतात तसा. ज्या देशात घरात चोरी झाली तरी पोलीस येईपर्यंत शेजारी आधी चहा आणून देतात, त्या देशात हे चालू होतं.

स्वरालीला मात्र कुणी धड काही सांगितलं नाही. "आजोबांसमोर चहाचं नाव काढू नकोस, त्यांना आजीची आठवण येते," एवढंच. पंधरा-सोळा वर्षांच्या, स्कॉटलंडमध्ये जन्मलेल्या पोरीला गया आणि पिंड काय समजवायचे, असं प्रत्येकाला वाटलं. आपण समजवायला आळस केला की आपल्याकडे त्याला समोरच्याचं लहान वय म्हणतात.

अक्काच्या वर्षश्राद्धाला मी माझ्या इल्फर्डच्या घरून ट्रेनने वर एडिनबऱ्याला गेलो. सकाळी विधी झाले. गुरुजी साताऱ्याहून लॅपटॉपवर होते आणि लॅपटॉप टोस्टरवर होता. गुरुजींनी दक्षिणेकडे तोंड करायला सांगितलं, सुश्रुतने फोनवरचं होकायंत्र काढलं, आणि आम्ही सगळे अतिशय भाविकपणे फ्रिजकडे तोंड करून बसलो. दाजींनी पिंड दिले.  

जेवणं झाली. दाजी वर गेले. देविका आवराआवरीला लागली, सुश्रुत काहीतरी आणायच्या निमित्ताने गाडीकडे गेला. आणि स्वरालीने आजीचा एप्रन बांधला.

ती करणार होती त्या केकबद्दल मला देविकाने आधीच फोनवर सांगितलं होतं. अक्का आणि स्वराली दर शनिवारी मिळून काहीतरी भाजायच्या. सुरुवातीला अक्का ओव्हनला घाबरायची, दार उघडताना "रामा" म्हणायची. मग इतकी धीट झाली की शेजारच्या स्कॉटिश बाईला तिच्याच शॉर्टब्रेडमधल्या चुका सांगून आली. शेवटचा बेत ठरला तो एका कॅफेच्या काचेतला केक बघून. लांबट, विटेसारखा, आणि कापला की आत पांढऱ्यात हिरवी लाट. त्याची पूड आणली, आणि अक्का हॉस्पिटलात गेली. डबा तसाच राहिला.

वर्षश्राद्धाच्या आदल्या आठवड्यात स्वराली वर जाऊन आजोबांच्या दारावर उभी राहिली. "आजीचा केक करणार आहे. तुम्ही चार वाजता खाली येणार? आणि फर्स्ट स्लाइस तुम्ही खाणार?"

दाजींनी दार उघडलं. मग म्हणाले, "येईन. खाईन. शब्द दिला."

एवढं सांगताना देविका फोनवर रडली होती. वर्षभरात दाजी पहिल्यांदाच चार वाजता खाली येणार होते.

"मामाआजोबा, तुम्ही बाऊल धरा," स्वरालीने मला हुकूम सोडला. "घट्ट. लास्ट टाइम तो पळाला."

मी भांडं धरलं. किचन गार होतं, लोणी दगड. तिने भांड्याखाली गरम पाण्याचं पातेलं ठेवलं, लोणी सैल झालं तशी साखर घालून फेसायला लागली. आजच्या दिवशी अंडं नको, म्हणून दही. मैदा तिने वाटीने मोजला.

"वजनकाटा आहे ना तिथे?"

"आजी यूज नाही करायची. ती म्हणायची, वजन नवऱ्याचं बघावं, मैद्याचं नाही."

"आणि नवऱ्याचं बघायची?"

"एव्हरी संडे," स्वराली म्हणाली. "चार्ट होता."

मिश्रणाचे तिने दोन भाग केले. एक पांढरा राहिला. दुसऱ्यासाठी "आता मॅचा," म्हणत फडताळातून एक छोटा डबा काढला. त्यावर पांढरी पट्टी चिकटवलेली, आणि पट्टीवर अक्काच्या टपोऱ्या अक्षरात 'हिरवी पूड'. अक्काला डब्यांना नावं द्यायची सवय होती. त्या घरात बुटाच्या पॉलिशवरसुद्धा 'काळं' लिहिलेलं आहे. स्वरालीने ती पट्टी क्षणभर अंगठ्याने दाबून धरली, मग झाकण उघडलं. पूड चाळणीतून पडली तसं मिश्रण हिरवं होत गेलं, श्रावणातल्या बांधासारखं.

साच्यात एक चमचा पांढरं, एक चमचा हिरवं, असं भरत नेलं. मग तिने आजीची विणकामाची सुई घेतली आणि त्यातून नागमोडी ओढली. मला हुरूप आला. "आण इकडे, मी फिरवतो."

"नो!" तिने सुई मागे घेतली. "थोडंच फिरवायचं. जास्त केलं की सगळं एकच होतं. मग ती फक्त हिरवी केक."

साचा ओव्हनमध्ये गेला. दार लावताना ती पुटपुटली, "रामा." मी ऐकलं नाही असं दाखवलं आणि भांड्याच्या कडेचं उरलेलं बोटाने पुसून खायला लागलो. जरा तुरट, जरा कडू, आणि कुठेतरी ओळखीचं.

"पण हे मॅचा म्हणजे असतं तरी काय गं? पालक?"

"आजीने पण सेम विचारलं होतं!" ती खूप दिवसांनी हसल्यासारखी हसली. "पानं असतात. ड्राय करतात आणि दगडात बारीक करतात."

"कसली पानं?"

"टी."

माझं बोट तोंडातच राहिलं.

"चहाची?"

"नो, नो, चहा नाही. चहा म्हणजे ब्राउन. दूध, आलं, ऑल दॅट. हे ग्रीन टी आहे."

"झाड वेगळं असतं?"

तिने विचार केला. "सेम प्लांट. का?"

मी इतकी वर्षं या देशात आहे. स्टेशनवर लोकांच्या हातात हे हिरवं पाणी रोज बघतो. ते कशाचं, असं कधी विचारलं नाही. अक्काने पट्टी लावली, दाजींनी पट्टी वाचली, आणि आम्ही सगळे पूड म्हणजे पूड असं धरून चाललो. आता ओव्हनच्या काचेमागे तो चहा हळूहळू फुगत होता.

"बस जरा," मी म्हटलं. आणि तिला सांगितलं. गया, पिंड, गुरुजींचा प्रश्न, दाजींचं उत्तर. शेपूचंही सांगितलं, पण ती हसली नाही.

"म्हणजे ते प्रॉमिस आहे? देवाला?"

"देवाला दिलेलं आपण मोडतो अधूनमधून. हे तुझ्या आजीला दिलंय."

ती ओव्हनसमोर फरशीवर बसली. "आणि सगळ्यांना माहीत होतं? बाबाला पण?"

"हो."

"बाबा गाडीत बसून चहा पितो. मला वाटायचं ही इज जस्ट सॅड."

"दोन्ही खरं आहे, बाळा."

तिने गुडघ्यांत तोंड घातलं. "मला का नाही सांगितलं कोणी? मी आजीसाठी केलं, आणि... मी फेकून देते. बिनमध्ये." ती उठलीच. मी ओव्हनच्या दारापुढे आडवा झालो. या वयात मी एवढाच अडथळा करू शकतो.

"थांब. ऐक माझं. आपण सांगायचंच नाही. तुझ्या आजीने स्वतःच्या हाताने लिहिलंय, हिरवी पूड. कायद्याने ती हिरवी पूडच. दाजी वर्षभराने खाली येतायत, पोरी. तू सांगितलंस तर ते परत वर जातील आणि पुन्हा कधी येतील कुणास ठाऊक."

ती माझ्याकडे बघत राहिली. अक्काही असंच बघायची. लहानपणी मी शाळा बुडवून आल्यावर.

"ते लाय आहे, मामाआजोबा," ती म्हणाली. "आजच्या दिवशी?"

 केक तयार झाला. वरून जास्त लाल होऊ नये म्हणून तिने मध्येच फॉइल झाकलं होतं. सुई खुपसली, ती कोरडी आली. जाळीवर उलटा करून गार केला. पोर हे सगळं नीट करत होती आणि मधूनमधून बाहीने नाक पुसत होती.

चार वाजले. जिना वाजला.

दाजी इस्त्रीचा शर्ट घालून आले होते, त्यावर अक्काने विणलेलं स्वेटर. केसांना पाणी लावून भांग पाडलेला. मुलगी बघायला निघालेल्या मुलासारखे दिसत होते. दारात थबकले, टेबलाकडे बघितलं, आणि आपल्या खुर्चीत बसले. समोरची खुर्ची रिकामी होती. तिच्याकडे त्यांनी बघितलं नाही. भांडी पुसता पुसता देविका दाराशी येऊन उभी राहिली.

"काय मेव्हणे, तुम्ही केलात वाटतं?"

"मी भांडं धरलं फक्त."

"मग चांगला झाला असेल."

वर्षभरात ऐकलेला त्यांचा पहिला विनोद. मला वाटलं, पोरी, गप्प बस, आता तरी गप्प बस.

स्वरालीने सुरी चालवली. तुकडा ताटलीत आडवा पडला. पांढऱ्यातून हिरवी लाट गेलेली, पुन्हा वळून आलेली, कुठे पांढरं संपलं ते न कळणारी. दाजींनी तो बराच वेळ बघितला. मग उचलला.

"आजोबा, थांबा."

ते थांबले.

"यात टी आहे. ही पूड टीची आहे. मला नव्हतं माहीत तुमचं... गयेचं. मामाआजोबांनी आत्ता सांगितलं. आय ॲम सॉरी. मी फेकून देणार होते."

दाजींनी तुकडा ताटलीत ठेवला. हळूच, कुणी झोपलेलं असावं तसा.

आता मला राहवलं नाही. "दाजी, तुम्ही चहा प्यायचा सोडलाय. खायचा नाही. गुरुजींनी खाण्याचं विचारलंच नव्हतं, मी साक्षीदार आहे."

"मेव्हणे," दाजी म्हणाले, "तुमच्या घराण्याने शेपू सोडला. मला त्यात ओढू नका."

"घराण्याचं काढू नका. अक्का त्याच घराण्यातली होती."

"होती. तिने काय सोडलं होतं माहितीये? माझी आई गेली तेव्हा?"

मला माहीत नव्हतं.

"आंबा."

"आंबा? मला ती सांगायची, उष्ण पडतो म्हणून."

"सगळ्यांना तेच सांगायची. पुन्हा कधी तोंडाला लावला नाही. आणि मी दर उन्हाळ्यात..." दाजी थांबले. "ती कापून द्यायची. समोर बसायची. कोयीपाशी गोड लागतो का, विचारायची. मी गोड आहे म्हटलं की..."

 समोरच्या खुर्चीकडे त्यांनी आता बघितलं, आणि बघतच राहिले. बागेत कुठलातरी सीगल ओरडत होता. देविकाच्या हातातली ताटली कोरडी होऊनही ती पुसतच होती.

"पण चहाच का?" स्वरालीचा आवाज बारीक झाला होता. "तुम्ही ब्रोकली सोडू शकला असता."

"शोभतेस यांची," दाजी माझ्याकडे बोट करून म्हणाले. मग तिच्याकडे वळले. "आवडीचं सोडायचं असतं, बाळ. माझ्या आवडीच्या दोनच गोष्टी होत्या. एक आधीच गेली होती."

ती रडायला लागली. दाजींनी तिला रडू दिलं. मग खुर्ची मागे सरकवली, आणि मला वाटलं, झालं, चालले वर. पण ते नीट ताठ बसले होते, एखाद्या साहेबासमोर बसावं तसे.

"स्वराली, मी तुला शब्द दिला होता. पहिला तुकडा खाईन म्हणून. आजीला आधी दिलेला आहे, तो मोडवत नाही. तुझ्या शब्दातून मला सोडवशील?"

तिने नाक ओढलं. आजीचीच नात, फुकट काही सोडणार नव्हती.

"मग तुम्ही बसायचं. इथे. चार वाजता."

"रोज?"

"स्कूल असेल तेव्हा मी लेट येते. वेट करायचं."

"करीन," दाजी म्हणाले. त्यांनी तो तुकडा मोडला आणि पहिला घास तिला भरवला. ती चावत राहिली.

"कसा झालाय?"

"थोडी कडू आहे."

"मध्यभागी?"

"हो. साइडला गोड."

दाजींनी मान हलवली. हे कळणं त्यांना पुरेसं होतं असं दिसलं. मग ते उठले, बाह्या वर केल्या आणि शेगडीपाशी गेले. आम्ही तिघंही जागच्या जागी.

"देविका, आलं आहे का घरात?"

"आहे बाबा."

"आणि चहा? पावडरीमागचा नको. त्याला साबणाचा वास लागला असेल."

देविका लाल झाली. वर्षभर तिने काय काय लपवलं होतं ते तिला एकदम आठवलं असावं. पावडरीमागचाच होता, तोच आला. दाजींनी आलं ठेचलं. आधण ठेवलं. साखर किती, दूध कधी, हे हाताला सगळं पाठ होतं. मी वर्षभर इल्फर्डमध्ये राजरोस चहा पितोय, पण त्या वासाने माझे डोळे भरले. मी ते ठेचलेल्या आल्यावर ढकललं.

त्यांनी कप मांडले. स्वतःच्या कपात नुसतं गरम पाणी ओतलं, आणि तो आपल्या जागी ठेवला. अक्काच्या खुर्चीत स्वराली जाऊन बसली. कुणी सांगितलं नव्हतं, आणि कुणी ऊठही म्हटलं नाही.

"घ्या मेव्हणे. आलं जास्त झालंय का?"

मी घोट घेतला. "जरा."

"मग उद्या कमी घालतो."

पुढचं दार वाजलं. सुश्रुत आत आला. एक हात जॅकेटच्या आत, छातीशी धरलेला. वास आला तसा तो पॅसेजमध्येच थांबला. दारातून त्याला टेबल दिसत होतं, कप दिसत होते, आणि शेगडीपाशी वडिलांची पाठ. तो ना पुढे येईना ना मागे जाईना.

दाजींनी मागे वळून बघितलं नाही.

"सुश्रुत, तो गाडीतला कप धुऊन आण. इथे एक कमी पडतोय."